पाटकऱ्याचा ताईत

पांझरा नदी सह्याद्रीतून निघते आणि धुळ्यावरून पुढे जात तापीला मिळते. या खोऱ्यात नदीला ठिकठिकाणी दगडी बंधारे घालून पाटाने शेतं भिजवायची जुनी रीत आहे. तिला फड पद्धत म्हणतात. बंधारा गावाचा, पाट गावाचा, डागडुजी गावाची आणि पाणी वाटणारा पाटकरीही गावानेच नेमलेला. घरोघरी घड्याळं यायच्या आधी अशाच एका बंधाऱ्याखालच्या गावात सखाराम नावाचा पाटकरी होता.

पावसाळ्यात आणि हिवाळ्यात सखारामचं काम सोपं असे. नदी भरून वाहे, ज्याला हवं तेवढं पाणी मिळे. चैत्र लागला की धार बारीक होई आणि गाव घटकांवर येई. ज्याची जमीन जेवढी, तेवढ्या त्याच्या घटका. पाटाच्या तोंडाशी पाटलाचा ऊस होता, त्याला बारा. मधल्या मळ्यांना कुणाला पाच, कुणाला सहा. पाटाच्या पार शेवटी ठकूमायचा कांदा होता, त्याला दोन. घटका म्हणजे दिवसरात्रीचा साठावा भाग, आजच्या हिशेबाने २४ मिनिटं. तेवढ्यात चार वाफे भिजायचे तर भिजतात, नाहीतर राहतात.

सखाराम घटका मोजे ती अंदाजाने. दिवसा सावली बघायची, रात्री आभाळातलं सप्तर्षींचं बाजलं किती कललं ते बघायचं आणि बाकीचं मनाने ठरवायचं. माणूस सरळ होता. पाणी वाढवून देण्यासाठी कुणाचा पैसा त्याने कधी घेतला नव्हता, कुणाच्या दमदाटीलाही तो भीक घालत नसे. तरी दरवर्षी एकच होई. पाटलाचा ऊस वैशाखातही हिरवागार आणि ठकूमायचे वाफे दुसऱ्याच पाळीला भेगाळलेले. लोक म्हणत, पाट लांबचा, वाटेत पाणी मुरतं, त्याला कोण काय करणार?

एके दिवशी भर दुपारी सखारामने ठकूमायचं पाणी बंद केलं, तेव्हा तिचे निम्मे वाफे कोरडे होते. म्हातारी खुरपं हातात घेऊन बांधावर उभी राहिली.

"सखाराम, झाल्या दोन घटका?"

"झाल्या, माय. चांगल्या भरून झाल्या."

"तू खोटं बोलणारा नाहीस, हे मला ठाऊक आहे," ठकूमाय म्हणाली. "पण बाबा, तुझी घटका वाकडी आहे. वरच्या अंगाला ती लांबते आणि माझ्या बांधाला आली की आखडते."

हे बोलणं सखारामच्या जिव्हारी लागलं. चोर म्हटलं असतं तर त्याने उलट उत्तर दिलं असतं. वाकड्या घटकेला काय उत्तर द्यायचं? तो तडक जोशांच्या वाड्यावर गेला. जोशीबुवा जाऊन बरीच वर्षं झाली होती. लग्नामुंजीची घटका आता जोशीणकाकूच धरत.

"काकू, तुमचं घटिकापात्र द्या," सखाराम म्हणाला. "म्हातारीला एकदा दाखवूनच देतो."

काकूंनी घंगाळात पाणी भरलं आणि त्यावर तांब्याचं पातळ पात्र अलगद सोडलं. पात्राच्या बुडाला सुईच्या टोकाएवढं छिद्र. त्यातून केसाएवढी धार वर उसळते, तळाशी पाणी साचू लागतं, पात्र हळूहळू जड होतं, काठ पाण्याला टेकतो आणि डुबुक आवाज करून ते तळाला जातं. तेवढा वेळ म्हणजे एक घटका.

"म्हातारीचं नंतर बघू," काकू म्हणाल्या. "आधी तू पात्राकडे पाठ करून बस. घटका भरली असं वाटलं की सांग."

पडवीत गार सावली होती. काकूंनी गूळ-पाणी दिलं, त्याच्या लेकीच्या सासरची चौकशी केली. नातू चालायला लागला, हे सांगताना सखाराम रंगून गेला. काकू मधूनच उठत आणि परत येऊन बसत. बऱ्याच वेळाने त्याला आठवण झाली.

"अजून भरली नसेल ना?"

"एकदा बुडालं, ते काढून मी परत सोडलं. आता दुसऱ्यांदा बुडायला आलंय," काकू म्हणाल्या.

मग त्यांनी त्याला अंगणात उभं केलं. माथ्यावर ऊन, पायाखाली तापलेली फरशी, बोलायला कुणी नाही. सखाराम एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर घेत राहिला आणि शेवटी म्हणाला, "झाली घटका."

काकूंनी त्याला बोलावून पात्र दाखवलं. ते तिसरा हिस्साही भरलं नव्हतं.

सखाराम मटकन खाली बसला. पाटलाच्या मळ्यातली आमराई त्याच्या डोळ्यांसमोर आली. तिथली सावली, चिलीम, ताकाचा तांब्या, चार लोकांच्या गप्पा. तिथे घटका कधी सरे, कळत नसे. आणि ठकूमायच्या शेताला झाड म्हणून नाही. बाभळीचे काटे, उघडं रान आणि घशाला कोरड. तिथे उभं राहणं त्याला नको होई आणि त्याचं मन त्याला सांगे, झाल्या दोन घटका. लाच न घेता तो वर्षानुवर्षं सावलीच्या बाजूने न्याय करत आला होता.

"काकू, यावर उपाय?" त्याने विचारलं.

जोशीणकाकूंनी देवघरातून एक चांदीचा ताईत आणला. काळ्या गोफात ओवलेला, टोपणाची फिरकी झिजलेली. टोपण उघडून त्यांनी आतला मोती दाखवला. मोती लहानच, थोडा पिवळसर.

"भास्कराचार्यांचं नाव ऐकलं असशील," त्या म्हणाल्या. "चाळीसगावजवळ पाटण आहे ना, तिथे त्यांच्या नातवाने विद्येसाठी मठ केला. आचार्यांनी ११५० साली मोठा ग्रंथ लिहिला, त्याच्या एका भागाला लीलावती नाव दिलं. लोक सांगतात, लीलावती त्यांची लेक. तिच्या लग्नाला एकच शुभ घटका होती. आचार्यांनी घटिकापात्र लावलं. लेक कुतूहलाने त्यात डोकावली आणि तिच्या अंगावरच्या दागिन्यातला एक मोती निसटून पात्रात पडला. छिद्र बुजलं. पाणी आत येईना, पात्र बुडेना. सगळे वाट बघत बसले आणि घटका टळून गेली."

ही आख्यायिका अकबराच्या दरबारातल्या फैजी या कवीने १५८७ साली लीलावतीचं फारसी भाषांतर केलं, त्याच्या प्रस्तावनेत येते. पुढचं मात्र फक्त जोशांच्या घरात सांगत.

"तो मोती हा," काकू म्हणाल्या. "याने एक अख्खी घटका गिळली आहे, म्हणून घटका केवढी असते ते याला पक्कं ठाऊक आहे. ज्याच्या छातीला हा टेकतो, त्याचा काळ डळमळत नाही. सुखात पळत नाही, दुःखात अडत नाही. घटका भरली की हा गार पडतो. घेऊन जा. पण पाणी वाटण्यासाठी नेतोयस, हे विसरू नकोस."

सखारामने ताईत गळ्यात घातला. सहा श्वासांचं एक पळ, साठ पळांची एक घटका, हे हिशेब त्याने लहानपणी पाठ केले होते. आता ते त्याच्या अंगात उतरले. प्रत्येक पळ आधीच्या पळाएवढंच, ना एक श्वास कमी, ना एक जास्त. आमराईत कुणी कितीही रंगून गोष्ट सांगू दे, बाराव्या घटकेला मोती गार पडे आणि सखाराम अर्ध्या वाक्यात उठून पाटलाच्या पाण्याचं दार बांधून टाके. उन्हात पाय भाजले तरी ठकूमायच्या दोन घटका पुऱ्या झाल्याशिवाय तो फावड्याला हात लावत नसे. त्या वर्षी शेवटच्या बांधापर्यंत ओल पोचली.

ताईताने आणखीही एक केलं, ते काकूंनी सांगितलं नव्हतं. सखारामला दुसऱ्यांचा वेळ दिसू लागला. पूर्वी ठकूमाय पाण्याची वाट बघत बांधावर उभी असे, तेव्हा त्याला नुसती उभी असलेली म्हातारी दिसे. आता ती पाच घटका उभी आहे, हे त्याला कळे, आणि त्या पाच घटका आपल्या पाच घटकांएवढ्याच लांब आहेत हेही कळे. घरी बायकोने जेवायला हाक मारली की तो "आलोच" म्हणे. हे "आलोच" दीड घटकेचं असतं आणि तेवढा वेळ ती ताट झाकून उपाशी बसते, हे त्याला पहिल्यांदाच समजलं. तो हाकेसरशी उठू लागला.

इथवर सगळं चांगलं झालं. पुढे पंचक्रोशीत बोलबाला झाला की सखारामच्या मुखातून घटका बोलते. शेजारच्या गावांतून बोलावणी येऊ लागली. लग्नात अंतरपाट धरून भटजी सखारामच्या तोंडाकडे बघत. त्याने मान हलवली की "सावधान" होई. घटिकापात्राची गरज कुणाला उरली नाही. जोशांच्या वाड्यात ते फळीवर पडून राहिलं आणि त्यावर हिरवा कळंक चढला. कुणी पाण्याचा हिशेब विचारला तर सखाराम आता ताठ्याने म्हणे, "मी सांगतो तीच घटका." आणि ते खरंही होतं. त्याची घटका एका पळानेही चुकत नव्हती.

मग एका वर्षी पाऊस दगा देऊन गेला. वैशाखात बंधाऱ्याआड गुडघाभर पाणी राहिलं. एका रात्री सखारामने पाटलाचं दार बांधलं, तेव्हा पाटलाचा पुतण्या आडवा आला.

"बारा झाल्या नाहीत. अकराच झाल्यात."

"बारा झाल्या," सखाराम म्हणाला.

"कशावरून? तुझा मोती तुझ्या गळ्यात. तो गार पडला की गरम झाला, आम्हाला काय दिसतं? म्हातारीच्या घरचं ताक गोड लागत असेल हल्ली."

मधल्या मळ्यांतले लोकही जमले. त्यांच्या मनातही बरंच साठलं होतं. कुणी म्हणालं, मागच्या पाळीला माझं पाणी लवकर बांधलंस. कुणी म्हणालं, लग्नाला बोलावतात तिथे तुला अहेर मिळतो, ते गाव तुझं जास्त. सखाराम शपथा घेऊ लागला. ऐकायला कुणी तयार नव्हतं. दोघांच्या हातांत काठ्या होत्या. गर्दीच्या कडेला त्याला ठकूमाय दिसली.

"माय, तू तरी सांग यांना. तुझा तरी विश्वास आहे ना माझ्यावर?"

ठकूमाय पुढे आली. तिचं बोलणं ऐकायला सगळे गप्प झाले.

"सखाराम, आज तुला खात्री आहे की बारा झाल्या."

"देवाशपथ आहे."

"माझे वाफे वाळत होते, तेव्हाही तुला अशीच खात्री होती," ती म्हणाली. "तेव्हा तू चुकत होतास, आज चुकत नसशील. पण बाहेर उभ्या असलेल्या माणसाला दोन्ही वेळची खात्री सारखीच दिसते रे."

सखाराम काही बोलला नाही. दार तसंच बांधलेलं ठेवून तो भर रात्री जोशांच्या वाड्यावर गेला. काकूंनी झोपेतून उठून फळीवरचं पात्र काढून दिलं. पहाटेपर्यंत त्याने चिंच आणि राख लावून ते घासलं. छिद्रात अडकलेला कळंक काकूंनी बारीक काडीने काढला. सकाळी घंगाळ पाटाच्या कडेला, पिंपळाच्या पारावर आलं आणि सखारामने गावाला सांगितलं, "आजपासून हे मोजेल. नव्याने सुरुवात पाटलांपासून. बारा वेळा पात्र बुडेल, मग दार बंद."

लोक पाराभोवती बसले. पात्र बुडालं की सखाराम काशाचा थाळा वाजवी, पात्र रिकामं करून परत सोडी. दहा झाल्या, अकरा झाल्या. ऊन चढलं तशी माणसं पांगली, कुणी भाकर खायला गेलं, कुणी सावलीला आडवं झालं. पाटलाचा पुतण्या निवांत होता, त्याचं पाणी चालूच होतं. एकटी ठकूमाय घंगाळाशी उकिडवी बसून राहिली. त्या दिवशी पाटलानंतरची पाळी तिची होती.

बारावी घटका निम्मी झाली असेल. पाणी किती चढलं ते बघायला सखाराम वाकला. ताईत लोंबला, झिजलेली फिरकी सुटली आणि मोती पात्रात पडला. पाटाच्या खळखळाटात आवाज कुणालाच आला नाही. सखाराम सरळ झाला आणि पिंपळाला टेकून बसला. त्याला कसलीच घाई वाटत नव्हती. वारा सुटला होता, सावली गार होती.

"सखाराम, धार थांबली," ठकूमाय म्हणाली.

"माय, अजून वेळ आहे. आत्ताच तर बघितलं मी."

"मी डोळा हलवला नाही. मघापासून बुडातून धार वर येत नाही. पात्र आहे तिथेच आहे."

तो उठला. पात्र संथ तरंगत होतं, पाणी होतं तेवढंच. ठकूमायने दोन बोटं आत घातली आणि छिद्रावर बसलेला मोती काढून त्याच्या तळहातावर ठेवला. सखारामने गळ्याला हात लावला. ताईत रिकामा होता.

भोवती माणसं जमली. पाटलाचा पुतण्याही आला आणि पात्राकडे बघून ओशाळला. म्हातारी तिथे नसती तर पात्र संध्याकाळपर्यंत बुडालं नसतं, ऊस पाणी पीत राहिला असता आणि त्याला ते कळलंही नसतं. त्याने स्वतःच जाऊन आपलं दार बांधलं. अडलेला वेळ आपल्या घटकेतून गेला, असं तो आपणहून म्हणाला.

सखाराम मोती घेऊन जोशीणकाकूंकडे गेला.

"काकू, लीलावतीच्या लग्नात मोती पडला, तो दोष मोत्याचा नव्हता ना?"

"मोती कुणाचाही पडेल," काकू म्हणाल्या. "मांडवात एवढी माणसं होती, सगळी पात्र बुडायची वाट बघत होती. पात्राकडे बघत कुणीच नव्हतं." त्यांनी मोती परत घेतला आणि देवघरात ठेवून दिला. "तुला आता हा लागणार नाही."

त्याच आठवड्यात चावडीवर बसून गावाने पाण्याचे तीन नियम ठरवले. पात्र सगळ्यांना दिसेल असं पारावर राहील. ज्याचं पाणी चालू आहे त्याचा एक माणूस आणि ज्याची पाळी पुढची त्याचा एक माणूस, असे दोघं पात्राशी समोरासमोर बसतील. चालू पाळीवाल्याला पात्र अडलं तर हवंच असतं, पुढच्याला ते घाईने बुडालं तर हवं असतं. दोघं एकमेकांवर नजर ठेवून बसले की पात्र सरळ चालतं. तिसरा नियम सखारामने स्वतः मांडला. शेवटच्या शेताची घटका दार उघडल्यावर सुरू होणार नाही, पाणी त्या बांधाला पोचल्याची हाक आल्यावर सुरू होईल. पाटातून पाणी तिथवर जायला जो वेळ लागतो, तो आजवर ठकूमायच्या दोन घटकांतूनच कापला जात होता आणि इतक्या वर्षांत हे कुणाच्याही लक्षात आलं नव्हतं.

सखाराम पुढेही पाटकरी राहिला. ताईत गेल्यावर त्याची जुनी सवय परत आली. आमराईत त्याची घटका पुन्हा धावे आणि उन्हात पुन्हा रखडे. फरक एवढाच की आता तो स्वतःच्या मनाला विचारत नसे. सावलीत बसला असेल तर म्हणे, "मला वाटतं त्याहून जास्त वेळ झाला असणार, जरा थाळ्याकडे कान द्या." आणि उन्हात असला की म्हणे, "मला वाटतं तेवढा झाला नसणार." बायकोच्या हाकेला तो ताईताशिवायही हाकेसरशी उठत राहिला.

माणसाचं मन काळाच्या बाबतीत मुद्दाम खोटं बोलत नाही. आपण वाट बघत असतो तेव्हा आपली पाच मिनिटं खरोखरच मोठी वाटतात, आणि दुसरा आपली वाट बघत असतो तेव्हा त्याचा तास खरोखरच ध्यानात येत नाही. म्हणून वेळेचा अन्याय बहुतेक वेळा सज्जन माणसांच्या हातून होतो. खिडकीच्या आत पंख्याखाली बसलेल्याला बाहेरच्या रांगेची लांबी जाणवत नाही. मजुरी "उद्या देतो" म्हणणाऱ्याचा उद्या आणि ती मजुरी घेऊन पीठ आणणाऱ्याचा उद्या एका मापाचे नसतात. अशा जागी बसलेल्याने आपल्या प्रामाणिकपणाची ग्वाही देत बसू नये. माप उघड्यावर ठेवावं आणि त्याच्याशी पहिली जागा त्या माणसाला द्यावी, ज्याची पाळी अजून यायची आहे.